शिक्का

आमच्या वाचनालयाचा रबरी शिक्का
अजून गोठवळ्याचा आहे.
गोठवळे वारणेच्या धरणात गेलं
त्याला चाळीसेक वर्षं झाली.
वसाहत मिरज तालुक्यात, कालव्याच्या अंगाला.
पत्र्याचं छप्पर, दोन कपाटं, एक पंखा,
आणि महिना बाराशे मानधनावर मी.

मी तासगावची. लग्न होऊन इथं आले.
गोठवळे काही मी पाहिलेलं नाही,
पण कामाला लागले त्या दिवसापासून
पान पंचविसावर त्याचं नाव उमटवते आहे.
शाई सुकली की शिक्क्यावर हाः करून वाफ सोडायची.
शेवटची अक्षरं झिजलीत.
काही पुस्तकांत गाव गोठवळ आहे,
काहींत नुसतंच गोठ.

गाव उठलं तेव्हा ट्रकमध्ये
जाती, उखळं, कोंबड्यांचे डालगे,
आणि कुणीतरी खताच्या पोत्यात भरून
एकशे अकरा पुस्तकं टाकली.
कुणी, ते आता सांगता येत नाही.
पाच घरं म्हणतात, आमच्या म्हाताऱ्यानं.

घरावरचं म्हणावं असं त्यांत एकच:
कमी खर्चात विटांचं घर कसं बांधावं, ते सांगणारं.
ते मात्र वसाहतीत सगळ्यांनी वाचलं.
सिमेंटच्या हिशेबाशेजारी
चार-पाच हातांची पेन्सिल आहे:
इथं न्हाणी. इथं देव.
गोठा कुठं?

पलीकडच्या मूळ गावातला श्रेणिक चौगुले येतो, सहावीतला.
शिक्का वाचून म्हणाला, "मॅडम, ह्ये गाव कुठाय?"
"पाण्याखाली."
त्यानं पुस्तक उलटंपालटं केलं, वास घेतला.
"मग पुस्तकं कोरडी कशी?"
मला काही सुचलं नाही.
मी त्याला दोन पुस्तकं दिली.
नियमात एकच बसतं.

जानू कोकरेला वाचता येत नव्हतं.
बाजारादिवशी काठी दाराला टेकवून आत यायचा,
हाताला लागेल ते पुस्तक काढायचा,
बोटाला थुंकी लावून
जाडीच्या अंदाजानं पानं सारायचा,
आणि निळा गोल सापडला की
"हां. हाय."
अंगठा उठवायला तयार नसायचा.
सहीच्या जागी तसाच एक गोल काढायचा,
वेडावाकडा, पण तोंड जुळलेला.

गेल्या साली निरीक्षक आले.
म्हणाले, बाई, अनुदान हवं तर वसाहतीचं नाव टाका,
हे गाव आमच्या यादीत नाही.
मी मिरजेतून नवा शिक्का करून आणला,
खट्‌ वाजणारा, आपली शाई आपणच लावणारा.
चौकोनात तीन ओळी: पुनर्वसन, क्रमांक, तालुका.
जानूनं नवं पुस्तक उघडलं,
चौकोनावर बोट ठेवलं, उचललं,
आणि चुकून आपल्या घरी आलेलं शेजारचं पोर
सोडून यावं तसं
पुस्तक माझ्या हातात दिलं.
"ह्ये दुसऱ्याचं हाय."

श्रावणात तो गेला.
त्याच्या नावावर एक पुस्तक बाकी आहे.
कोंबड्यांचे रोग आणि त्यांवरचे उपाय,
दाखल क्रमांक चौसष्ट.
मी मागायला गेले.
सून म्हणाली, फडताळात देवापाशी हाय,
न्यायचं आसंल तर न्या.
असं म्हणाली खरी,
पण दारातून काही बाजूला झाली नाही.
चहा पिऊन परत आले.

मार्चात निरीक्षक पुन्हा येतील.
रजिस्टरात एक रकाना आहे, गहाळ.
चौसष्टपुढं तो मी कोरा ठेवलाय,
विचारलं तर सांगेन, वाचायला दिलंय.
नव्या पुस्तकांच्या पहिल्या पानावर
चौकोन मारते, साहेबांना दिसेल असा.
मग दार लोटून घेते,
खणातला जुना शिक्का काढते,
पान पंचवीस.
हाः.